टिपण : भाकिताची विद्या आणि नोंदीची शिस्त

अद्भुतकथांमध्ये एक व्यवसाय पुन्हा पुन्हा कल्पिलेला आढळतो. मंत्रविद्या जाणणारा, परंतु दिवसाचा बहुतेक वेळ वही-दौतीपाशी बसून काढणारा असा हा लेखनिक असतो. अर्सला के. ल गिन यांच्या 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' (१९६८) या कादंबरीत जादूगारांच्या विद्यापीठातील एक आचार्य एकाकी मनोऱ्यात बसून वस्तूंच्या खऱ्या नावांच्या याद्या लिहितो. शिष्यांनी त्या पाठ करायच्या असतात, कारण मध्यरात्री पानावरची शाई नाहीशी होते. जे. के. रोलिंग यांच्या कथाविश्वात जादूची क्षमता घेऊन मूल जन्मले की एक लेखणी आपण होऊन त्याचे नाव ग्रंथात उतरवते. या कल्पनांच्या मुळाशी एकच धारणा आहे. नोंद ही घडून गेलेल्या गोष्टीची केवळ खूण नसून तिच्या अंगी काही सामर्थ्य आहे, ही ती धारणा होय.

मराठी वाचकाला या व्यवसायाचे नवल वाटण्याचे फारसे कारण नाही. त्याच्या पणजोबांच्या गावात असा माणूस बलुत्यावर नेमलेला होता आणि त्याचे नाव ग्रामजोशी. तो ग्रहांची फळे सांगे, मुहूर्त काढून देई, शांती करवी. आणि हे सारे करण्यासाठी त्याला जन्माची वेळ घटी-पळांनिशी लिहून ठेवावी लागे. त्याने लिहिलेल्या कागदाला मराठीत 'टिपण' म्हणतात. टिपण म्हणजे नोंद आणि टिपण म्हणजे जन्मपत्रिका. एका शब्दात हे दोन्ही अर्थ सुखेनैव नांदतात, ही गोष्ट आपल्या कोशकारांपेक्षा आपल्या इतिहासकारांनी अधिक गांभीर्याने घ्यावयास हवी होती. प्रस्तुत लेखात असे सुचवावयाचे आहे की, जोशाची नोंद बारीक राहिली ती त्याच्या भाकितामुळे. ज्याला भाकित मुळीच मान्य नाही (प्रस्तुत लेखकास ते मान्य नाही) त्यानेही ती नोंद वाचायला शिकले पाहिजे. भिलाईसारख्या ठिकाणी, जिथे एक संपूर्ण पिढी जन्मतारखेच्या कागदावाचून कारखान्याच्या दारात उभी राहिली, तिथे या प्रश्नाला केवळ अभ्यासविषयाचे मोल नाही.

जोशाकडे वळण्यापूर्वी त्याच्या दैवी पूर्वजांचा विचार करणे आवश्यक आहे. मूल जन्मल्यावर पाचव्या किंवा सहाव्या रात्री मराठी घरात सटवाईची पूजा होते. पाटा-वरवंटा मांडतात, रात्रभर दिवा तेवत ठेवतात, बायका जागतात. आणि पूजेत एक कोरा कागद व लेखणी ठेवतात. सटवाई येऊन बाळाच्या कपाळी त्याचे भविष्य लिहून जाते, अशी श्रद्धा आहे. 'षष्ठी' या शब्दापासून सटी, सटवी, सटवाई ही रूपे आली. भिलाईच्या आसपासच्या छत्तीसगढी गावांत त्याच शब्दाची 'छट्ठी' झाली आहे आणि तो सोहळाही बाळंतपणानंतरच्या सहाव्या दिवसाशीच बांधलेला आहे. अक्षरओळख नसलेल्या घरातही त्या रात्री लेखणी मांडली जाई, हा तपशील मला विशेष अर्थपूर्ण वाटतो. ज्या घरात कोणी लिहिणार नव्हते, त्या घराने लिहिण्याचे काम देवीकडे सोपवले होते.

या देवीविषयीची एक लोककथा इरावती कर्वे यांनी १९५० साली इंग्रजीतून प्रसिद्ध केली. सटवाईची मुलगी आईला विचारते, तू रोज रात्री कुठे जातेस? आई आपला व्यवसाय सांगते. मग मुलगी विचारते, माझ्या कपाळी काय लिहिले आहेस? उत्तर येते की, तुझे लग्न तुझ्या मुलाशी होईल. ते टाळण्यासाठी मुलगी पुरुषांचा वारा नको म्हणून रानात जाऊन राहते. तरीही दैवयोगाने तिला मूल होते. ती ते लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळून टाकून देते. ते दुसऱ्यांच्या घरी वाढते आणि पुढे लिहिलेले खरे ठरते. लग्नानंतर तिच्या हाती तो तुकडा लागतो, तेव्हा तिला सारे उमगते. ग्रीक राजाप्रमाणे ती डोळे फोडून घेत नाही. ती गप्प राहते आणि संसार करते. या कथेचे मानसशास्त्रीय विवेचन पुष्कळ झाले आहे. आपल्या दृष्टीने लक्षणीय आहे ती पुराव्याची जात. कपाळावरचा लेख कोणालाच वाचता येत नाही. ओळख पटते ती कापडाच्या एका तुकड्यावरून. दैवी नोंद अचूक असते, पण ती पडताळायची तर मानवी खूणच लागते.

सटवाई जन्माच्या वेळी लिहिते, तर चित्रगुप्त मृत्यूनंतर वाचून दाखवितो. यमाच्या या लेखनिकाच्या वहीला संस्कृतात 'अग्रसंधानी' असे स्वतंत्र नाव आहे. भिलाईच्या वसाहतीत बिहार-उत्तर प्रदेशातून आलेली कायस्थ कुटुंबे यमद्वितीयेला लेखणी-दौतीची पूजा करतात, तर मराठी व्यापाऱ्याचे वहीपूजन लक्ष्मीपूजनाच्या दिवशी होते. कोरी वही पूजेत ठेवणे ही गोष्ट दोन्हीकडे समान आहे. मात्र देवांच्या या दप्तरांवर अपील नसते, म्हणून अभ्यासकाला तिथे फार काळ थांबता येत नाही.

ग्रामजोशाचे काम याहून कितीतरी खरखरीत होते. प्रसूतीची वेळ कळावी म्हणून घटिकापात्र वापरीत. तळाला बारीक भोक असलेले तांब्याचे पात्र पाण्यावर सोडले की ठरलेल्या वेळात भरून बुडते, ती एक घटी. अहोरात्रीच्या घटी साठ, म्हणजे एक घटी चोवीस मिनिटांची आणि घटीचा साठावा भाग असलेले पळ चोवीस सेकंदांचे. सूर्योदयापासून किती घटी, किती पळे गेल्यावर मूल जन्मले, हे टिपणात लिहीत. त्याच्या आधी शक, संवत्सराचे नाव, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी, वार, नक्षत्र, योग आणि करण ही लांबलचक मालिका येई. आजच्या वाचकाला ही मालिका धार्मिक पाल्हाळ वाटते. वस्तुतः ती नोंदीची कडेकोट तटबंदी आहे. नक्कल करताना शकाचा एक अंक चुकला तर संवत्सराचे नाव जुळत नाही. तिथी चुकली तर वार आणि नक्षत्र ओरडून सांगतात. मास व तिथी ठरली की चंद्र कोणत्या नक्षत्राच्या आसपास असावयास हवा, हेही बहुतांशी ठरून जाते. एकाच गोष्टीची साक्ष अनेक बाजूंनी घेण्याची ही पद्धत कोणा कारकुनाने मुद्दाम रचलेली नाही, ती फळ सांगण्याच्या गरजेतून आपोआप आली.

कुंडलीचे बारा घरांचे चित्र हीदेखील एक प्रकारची तारीखच आहे. लग्नरास सुमारे दोन तासांनी बदलते, चंद्र सव्वादोन दिवसांनी, सूर्य महिन्याने. गुरू एका राशीत साधारण वर्षभर असतो, शनी अडीच वर्षे, राहू सुमारे दीड वर्ष. घड्याळात जसे सेकंद, मिनिट आणि तास यांचे वेगळे काटे, तसेच हे काटे आहेत. फक्त ते दोन तासांपासून तीस वर्षांपर्यंत पसरलेले आहेत. गुरू आणि शनी दोघेही सुमारे साठ वर्षांनी पुन्हा जवळजवळ त्याच राशींत येतात (आपली षष्ट्यब्दी याच आवर्तनाशी निगडित आहे), म्हणून केवळ त्या दोघांवरून साठ वर्षांचा घोटाळा होऊ शकतो. परंतु राहूचा फेरा साडेअठरा वर्षांचा असल्यामुळे साठ वर्षांनंतर तो अडीच-तीन राशी दूर असतो आणि घोटाळा मिटवितो. शकाचा आकडा कसरीने खाल्लेल्या टिपणाचीही तारीख निव्वळ चित्रावरून बऱ्याच वेळा काढता येते, ती यामुळेच.

या गुणाचा सर्वांत प्रसिद्ध उपयोग शिवछत्रपतींच्या जन्मतिथीच्या वादात झाला. वैशाख शुद्ध द्वितीया, शके १५४९, म्हणजे इसवी सन १६२७, ही तिथी दीर्घकाळ रूढ होती. लोकमान्य टिळकांच्या हाती आलेली जेधे शकावली १९१६ साली प्रसिद्ध झाली आणि तिच्यात शके १५५१, शुक्ल संवत्सर, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार, हस्त नक्षत्र अशी नोंद घटी-पळांसह आढळली. पुढे जोधपूरच्या एका ज्योतिषी घराण्याच्या संग्रहात महाराजांची कुंडली सापडली आणि तिने या दुसऱ्या तिथीला पुष्टी दिली. दोन तिथींत जवळजवळ तीन वर्षांचे अंतर आहे; तेवढ्यात गुरू सुमारे तीन राशी पुढे सरकतो, त्यामुळे एकच कुंडली दोन्ही तिथींना लागू पडणे शक्य नव्हते. शकावलीची नोंद तिच्या पोटातूनही तपासता येते. शके १५५१ ला शुक्ल संवत्सरच येते. फाल्गुनी पौर्णिमेला चंद्र फल्गुनी नक्षत्रांच्या परिसरात असतो, तेव्हा तृतीयेला तो हस्तात असणे गणिताला धरून आहे. वारही जुळतो. १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख जुन्या जूलियन गणनेतील आहे, आजच्या ग्रेगोरियन गणनेने त्या दिवशी १ मार्च होता. आणि कोणत्याही गणनेने वार शुक्रवारच निघतो. महाराजांच्या भविष्याविषयी जोधपूरच्या ज्योतिषाला काय वाटले असेल ते असो. त्याने मांडलेले ग्रह आज इतिहासाचे साधन आहेत.

येथे एक आक्षेप रास्तपणे घेतला जाईल. कुंडली मागाहूनही मांडता येते. थोर पुरुषांच्या नावावर उच्चीचे ग्रह गोळा करून केलेल्या पत्रिकांची आपल्याकडे वाण नाही. २००५ साली पंजाब राज्य विरुद्ध मोहिंदर सिंग या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वय सिद्ध करण्यासाठी जन्मपत्रिका हा अत्यंत दुबळा पुरावा मानला, तो अशाच सावधगिरीतून. न्यायालयाची भूमिका व्यवहारात योग्य आहे. अभ्यासकाजवळ मात्र न्यायालयापेक्षा अधिक वेळ असतो आणि खऱ्या-खोट्याची एक मजेदार कसोटीही असते. महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या ग्रह मांडले गेले ते नांदगावच्या गणेश दैवज्ञाने शके १४४२ मध्ये रचलेल्या 'ग्रहलाघव' ग्रंथाच्या आधारे. काळ लोटला तसे त्या गणिताने येणारे ग्रह आणि आकाशातले ग्रह यांत अंतर पडत गेले. एकोणिसाव्या शतकात केरो लक्ष्मण छत्रे यांनी पंचांगसुधारणेचा प्रश्न उचलला तो याच कारणाने, आणि शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या 'भारतीय ज्योतिषशास्त्र' (१८९६) या ग्रंथात त्याची चर्चा आहे. म्हणून जुन्या टिपणातले ग्रह अंशांनिशी दिलेले असतील आणि ते आकाशाशी फार चोख जुळत असतील, तर संशय घ्यावा. त्या काळच्या पंचांगाच्या चुका त्यात जशाच्या तशा उतरल्या असतील, तर विश्वास ठेवण्यास जागा आहे. मोडीचे वळण आणि कागद यांची साक्ष अर्थात वेगळी घ्यावी लागते.

टिपणाचे एवढे गुण गायल्यावर ते कोणाचे होत असे, हे विचारले पाहिजे. जोशाची विद्या गावातल्या प्रत्येक झोपडीपर्यंत पोचत नव्हती. ज्याच्या घरी दक्षिणा नव्हती किंवा ज्याच्या उंबऱ्याशी जोशी जात नव्हता, त्याच्या जन्माची घटी-पळे कोणी मोजली नाहीत. उलट ज्यांना जोशी नको होता, त्यांच्याकडूनही तो हक्क मागत असे. सत्यशोधक समाजाने १८७३ नंतर पुरोहितावाचून विवाह लावण्यास आरंभ केला, तेव्हा ग्रामजोशांनी बुडालेल्या उत्पन्नासाठी न्यायालयात धाव घेतली होती. असल्या वतनी हक्कांना मुंबई इलाख्यात कायद्याने पायबंद बसला तो १९२६ साली. मुलींच्या टिपणांनी किती घरांत किती दुःख पेरले, मंगळ आणि मूळ नक्षत्र यांनी किती विवाह मोडले, हा वेगळ्या लेखाचा विषय आहे. पण त्याचा विसर पडू देऊन टिपणाची थोरवी सांगणे अप्रामाणिक ठरेल.

छत्तीसगढात या कथेला वेगळे वळण आहे. १७४१ च्या स्वारीपासून १८५४ पर्यंत हा प्रदेश या ना त्या रूपाने नागपूरकर भोसल्यांशी जोडलेला होता. रतनपूरला बिंबाजी भोसल्यांच्या अमदानीत मराठी आणि मोडी यांचा दप्तरात शिरकाव झाला. इंग्रजी अमलात हा भाग मध्य प्रांतात गेला आणि त्या प्रांतात जन्म-मृत्यूची वर्दी देण्याचे काम गावच्या कोटवाराकडे आले. कोटवार बहुधा गांडा, पनका, महार अशा जातींचा आणि बहुधा निरक्षर असे. तो ठाण्यावर जाऊन सांगे आणि लिहिणारा लिही. विदर्भात हीच नोंद 'कोतवाल बुक' म्हणून ओळखली जाते. जोशाच्या टिपणाशी तिची तुलना केली तर चित्र उलटे दिसते. घटी नाही, पळ नाही, नक्षत्र तर नाहीच. एक दिवस, बापाचे नाव, जात, मूल मुलगा की मुलगी, एवढेच. पुष्कळदा मुलाचे नावसुद्धा नसे, कारण वर्दी देईपर्यंत बारसे झालेले नसे. पण या वहीत गावातला कोणीही येऊ शकत होता. जोशाने थोड्यांचे फार बारीक लिहिले, कोटवाराने पुष्कळांचे फार थोडे सांगितले. महाराष्ट्रात २०२३ साली कुणबी नोंदींच्या शोधासाठी न्यायमूर्ती शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा ही जुनी रजिस्टरे कपाटांतून बाहेर निघाली आणि मोडी वाचणाऱ्यांना अचानक मागणी आली. छत्तीसगढात जातीच्या दाखल्यासाठी लोक आजही बंदोबस्ताच्या काळातली 'मिसल' शोधत फिरतात. या शोधाला त्यांच्या बोलण्यात जवळजवळ गुप्तधन शोधण्याचा सूर असतो.

भिलाईचा पोलाद कारखाना १९५५ च्या भारत-सोव्हिएत करारातून उभा राहिला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी तिथली पहिली झोतभट्टी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते सुरू झाली. आसपासच्या खेड्यांतून, विदर्भातून, देशाच्या सर्व भागांतून माणसे आली. सेवापुस्तकात जन्मतारखेचा रकाना होता आणि तो कोरा ठेवता येत नव्हता. शाळेत गेलेल्यांची तारीख शाळेच्या दाखल्यावरून आली; पण शाळेत ती मास्तरांनी घातलेली असे. महाराष्ट्रात १ जून आणि इकडे १ जुलै हे दोन दिवस त्या पिढीच्या जन्मांनी इतके गजबजलेले आहेत की, कोणत्याही ज्योतिषाने हात टेकावेत. शाळेतही न गेलेल्यांचे वय डॉक्टरांनी अंदाजाने लिहिले. मराठी घरांतून याचा परिणाम मोठा चमत्कारिक दिसतो. नोकरीतून निवृत्ती एका तारखेला आणि षष्ट्यब्दी दुसऱ्याच तिथीला, कधी वर्ष-दोन वर्षांच्या अंतराने. निवृत्ती सेवापुस्तकाप्रमाणे झाली, शांती टिपणाप्रमाणे. यांतली कोणती खरी, असे विचारले तर घरातली वडीलधारी मंडळी बहुधा हसून टिपणाकडे बोट दाखवतात, आणि निवृत्तिवेतनाचा कागद मात्र दुसऱ्याच तारखेचा जपून ठेवतात.

१९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याने ही जबाबदारी देशभर एकाच चौकटीत आणली. २०२३ च्या दुरुस्तीनुसार त्या वर्षीच्या १ ऑक्टोबरपासून जन्मलेल्यांच्या बाबतीत शाळाप्रवेशापासून नोकरीपर्यंत जन्माचा दाखला हाच जन्मतारखेचा व जन्मस्थळाचा पुरावा मानला जातो. आता नोंदीचे सामर्थ्य पुरतेपणी शासनाच्या हाती आले आहे. सटवाईच्या कोऱ्या कागदाजवळ आज रुग्णालयाने दिलेली चिठ्ठी ठेवणारी घरेही असतील.

राहिला प्रश्न जुन्या टिपणांचा. भिलाईच्या मराठी घरांत ती अजून सापडतात, गुंडाळी करून ठेवलेली, कडेला हळदीकुंकवाचे बोट लागलेले, काही मोडीत, काही बाळबोधीत. निवृत्तीनंतर वसाहतीतले घर सोडावे लागते, तेव्हा पेट्या उघडल्या जातात. अनेक घरांत मृत माणसाची पत्रिका ठेवू नये अशी समजूत आहे, त्यामुळे ती निर्माल्याबरोबर शिवनाथ नदीत जाते. यात तर्क आहे. भाकित जिवंत माणसापुरतेच, मग माणूस गेल्यावर कागदाचे काय काम? जोधपूरची कुंडली राहिली, कारण ती ज्योतिषी घराण्याच्या स्वतःच्या अभ्याससंग्रहात होती. तिथे ती एका माणसाच्या आयुष्याला बांधलेली नव्हती. घरच्या टिपणांना असा आश्रय नाही. म्हणून त्यांची छायाचित्रे घ्यावयाची तर ती माणूस हयात असतानाच, त्याच्या संमतीने घ्यावी लागतील, आणि केवळ कुंडलीच्या चौकटीची नव्हे. मागच्या बाजूला आजोबांनी लिहिलेली गावाची, देवकाची आणि त्या वर्षीच्या पावसाची ओळही घ्यावी लागेल.